राजे, हत्ती आणि हाताने फिरवायचा कॅमेरा: दिल्ली दरबाराच्या फिल्म्सविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

दिल्ली दरबार म्हणजे ब्रिटिश बादशाहीच्या मानासाठी दिल्लीत भरवलेला सोहळा; त्याच्या जुन्या फिल्म्सचे तुकडे आता इंटरनेटवर सहज सापडतात. ते व्हॉट्सअ‍ॅपवर फिरतात, खाली बहुतेक वेळा ‘सयाजीरावांनी बादशहाला पाठ दाखवली तो क्षण’ अशी ओळ असते, आणि मग प्रश्न सुरू होतात. हे कोणी टिपलं? त्या काळात रंगीत फिल्म कशी असेल? सगळं खरं आहे का? त्यातले नेहमीचे प्रश्न इथे एकत्र केले आहेत.

दिल्ली दरबार एकच होता की अनेक?

तीन झाले. १८७७ साली व्हाइसरॉय लिटन यांनी भरवला, तेव्हा व्हिक्टोरिया राणीला ‘कैसर-ए-हिंद’ जाहीर केलं. १ जानेवारी १९०३ चा कर्झनसाहेबांचा, सातव्या एडवर्डच्या राज्यारोहणानिमित्त. आणि १२ डिसेंबर १९११ चा, ज्याला पाचवा जॉर्ज आणि राणी मेरी स्वतः हजर होते. राज्यावर असलेला ब्रिटिश बादशहा दरबाराला प्रत्यक्ष आला तो एवढाच.

आपल्या विषयाच्या दृष्टीने फरक सोपा आहे. पहिल्या दरबाराच्या वेळी सिनेमा जन्माला यायचा होता. सरकारने व्हॅल प्रिन्सेप नावाच्या चित्रकाराला बोलावून भलंमोठं तैलचित्र काढून घेतलं. दुसऱ्याला फिल्म कॅमेरे आले. तिसऱ्याला तर ते पाचपन्नास मान्यवरांइतकेच गृहीत धरलेले होते.

राजेरजवाडे आणि कॅमेरा यांची गाठ पडली कधी?

जवळजवळ लगेच. जून १८९५ मध्ये जर्मनीत कील कालव्याचं उद्घाटन झालं, कैसर दुसरा विल्हेल्म तिथे होता, आणि बर्ट एकर्स नावाच्या इंग्रज छायाचित्रकाराने तो सोहळा टिपला. सिनेमाचे जनक मानले जाणारे फ्रेंच लुमिए बंधू, त्यांचा पॅरिसमधला प्रसिद्ध पहिला खेळ व्हायला तेव्हा सहा महिने बाकी होते.

मे १८९६ मध्ये लुमिएंची माणसं मॉस्कोला झार दुसऱ्या निकोलसच्या राज्याभिषेकाला पोचली. राजवाड्याच्या पायऱ्या, मानकऱ्यांची रांग, सगळं मिळालं. चार दिवसांनी खोदिन्का मैदानावर भेटवस्तू वाटताना चेंगराचेंगरी झाली आणि तेराशेहून जास्त माणसं मेली. फ्रान्सिस डूब्लिए हा लुमिएंचा कॅमेरावाला तेव्हा अगदी पोरसवदा होता. आपण ते दृश्य टिपलं आणि पोलिसांनी सामान जप्त केलं, असं त्याने पुढे सांगितलं. सोहळा जगाने पाहिला, प्रेतं पाहिली नाहीत. राजेशाही आणि कॅमेरा यांच्यातला करार काय असणार, हे पहिल्याच वर्षी कळून चुकलं होतं.

त्याच वर्षी ऑक्टोबरात व्हिक्टोरिया राणी बाल्मोरलला फिल्मवर आली, आणि नोव्हेंबरात विंडसरच्या किल्ल्यात तिला ती दाखवण्यात आली. २२ जून १८९७ च्या हीरकमहोत्सवी मिरवणुकीला तर लंडनच्या रस्त्यांवर कितीतरी कंपन्यांचे कॅमेरे जागा धरून बसले होते. खिडक्या आणि गच्च्या भाड्याने घेतल्या होत्या. फिल्म धंदा होऊ शकते, हे अनेकांना त्या मिरवणुकीने शिकवलं.

१९०२ च्या राज्याभिषेकाची फिल्म खोटी होती म्हणतात. खरं का?

खरं आहे, आणि गंमत म्हणजे ती तेव्हाही फारशी लपवलेली नव्हती.

सातव्या एडवर्डचा राज्याभिषेक लंडनच्या वेस्टमिन्स्टर अ‍ॅबी या चर्चमध्ये व्हायचा होता, आणि आत कॅमेरा न्यायला परवानगी नव्हती. चार्ल्स अर्बन हा मूळचा अमेरिकेतल्या सिनसिनाटीचा, लंडनला येऊन फिल्मच्या धंद्यात बस्तान बसवलेला माणूस. त्याने पॅरिसजवळच्या माँत्रेईमध्ये जॉर्ज मेलिएस यांच्याकडे आख्खा राज्याभिषेक आधीच ‘करून’ घेतला. मेलिएस म्हणजे जादूच्या फिल्म्सचे उस्ताद. त्यांनी अ‍ॅबीचा पडदा रंगवला, नटनट्यांना झगे चढवले, आणि प्रत्यक्ष सोहळ्याच्या आधीच फिल्म तयार ठेवली. सोहळा २६ जूनला होता. पण राजाच्या पोटाचं ऑपरेशन करावं लागलं आणि तो ९ ऑगस्टवर गेला. फिल्म तयार, राजा अंथरुणावर, अशी अवस्था.

शेवटी ९ ऑगस्टला संध्याकाळी ती लंडनच्या आल्हाम्ब्रा थिएटरात दाखवली. मध्यंतरी राजाच्या प्रकृतीमुळे विधी आटोपशीर केले होते, त्यामुळे पडद्यावर असे काही विधी दिसले जे अ‍ॅबीत झालेच नव्हते. राजाने स्वतः ती फिल्म पाहिली आणि न घडलेलंही टिपणाऱ्या या यंत्राचं कौतुक केलं, असा किस्सा आवडीने सांगितला जातो.

अ‍ॅबीच्या आतला खरा राज्याभिषेक फिल्मवर यायला १९३७ साल उजाडलं.

भारतात हे कोणी सुरू केलं? सावेदादांचा वाटा काय?

हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा हे मुंबईचे व्यावसायिक छायाचित्रकार. ७ जुलै १८९६ ला वॉटसन हॉटेलात लुमिएंच्या फिल्म्स दाखवल्या गेल्या, त्या पाहून त्यांनी इंग्लंडहून कॅमेरा मागवला; २१ गिनी मोजल्या. १८९९ मध्ये हँगिंग गार्डनमधली कुस्ती टिपली. डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिजहून सीनियर रँग्लर (गणिताच्या परीक्षेत पहिला) होऊन आलेल्या र. पु. परांजपे यांचं मुंबईतलं स्वागत टिपलं. आणि मग कर्झनचा दरबार.

माझ्या मते यातली परांजप्यांची फिल्म सर्वांत महत्त्वाची. राजाच्या स्वागतासाठी जी पद्धत रुळली होती, म्हणजे बोट लागते, गर्दी जमते, हार पडतात, तीच इथे एका गणिताच्या विद्यार्थ्यासाठी वापरली गेली. परदेशी फिल्म्सची नक्कल करताना सावेदादांनी पालखीतला माणूसच बदलला. याबद्दल आपल्याकडे जितकं बोललं जायला हवं तितकं जात नाही.

सावेदादांच्या फिल्म्स आज शिल्लक नाहीत. कलकत्त्याच्या हीरालाल सेन यांचंही तेच झालं. त्यांनीही दरबाराची दृश्यं टिपली होती आणि १९०५ मधली बंगालच्या फाळणीविरुद्धची टाउन हॉलची सभाही. १९१७ मध्ये आगीत सगळा साठा जळाला. त्या काळची फिल्म नायट्रेटची, भडकन पेट घेणारी. म्हणून दरबाराकडे हिंदी माणसाने कॅमेऱ्यातून कसं पाहिलं, हे आपल्याला आता दिसत नाही. दिसतं ते कंपन्यांचं पाहणं.

१९११ ला कोणकोण टिपत होतं?

पाच ब्रिटिश-युरोपीय कंपन्यांना परवानगी होती: बार्कर, गोमाँ, पाथे, वॉरविक आणि अर्बन यांची कंपनी. पहिल्या चौघांचा हिशेब घाईचा. काळी-पांढरी रिळं काढायची, टपालाच्या बोटीने पाठवायची, बातमी शिळी व्हायच्या आत लंडनच्या पडद्यावर लावायची. अर्बनने उलटा डाव टाकला. उशीर झाला तरी चालेल, पण ‘किनेमाकलर’ या पद्धतीने रंगीत दाखवायचं.

स्पर्धा कडवी होती. कोणी घातपात करील या धास्तीने अर्बन टिपलेली फिल्म आपल्या तंबूखाली खड्ड्यात पुरून ठेवत असे, असं त्याच्या आठवणींवरून सांगतात. माणूस स्वतःची जाहिरात करण्यात पटाईत होता, त्यामुळे हे थोडं मीठमसाला धरूनच ऐकावं.

किनेमाकलर म्हणजे नेमकं काय? फिल्मवर रंग चढवायचे का?

नाही. हा गैरसमज फार पसरलेला आहे. ब्रशने एकेक चौकट (फ्रेम) रंगवण्याची पद्धत त्याआधीपासून होती, पण किनेमाकलर वेगळं. ब्रायटनच्या जॉर्ज अल्बर्ट स्मिथ यांनी ते शोधलं, पेटंट १९०६ चं, पैसा अर्बनचा.

फिल्म साधी काळी-पांढरीच. कॅमेऱ्यात लेन्ससमोर जत्रेतल्या भिंगरीसारखी एक चकती फिरायची, तिच्या अर्ध्या भागात तांबडी आणि अर्ध्या भागात हिरवी काच. एक चौकट तांबड्या काचेतून टिपली जायची, पुढची हिरव्या काचेतून, पुन्हा तांबड्या. सैनिकाचा लाल डगला तांबड्या चौकटीत उजळ आणि हिरव्या चौकटीत काळसर उमटायचा. दाखवताना प्रोजेक्टरसमोरही तशीच चकती, त्याच तालात. दोन्ही चौकटी इतक्या झपाट्याने पाठोपाठ यायच्या की डोळा त्यांची सरमिसळ करून रंग पाहायचा. रंग फिल्मवर नसायचा, पडद्यावरही क्षणभरच असायचा. तो तयार व्हायचा पाहणाऱ्याच्या नजरेत.

यासाठी वेग दुप्पट लागायचा. साधा कॅमेरा सेकंदाला साधारण १६ चौकटी टिपायचा, म्हणजे एक फूट फिल्म. हा ३२ टिपायचा, म्हणजे दोन फूट. दरबाराच्या संपूर्ण कार्यक्रमाची लांबी सुमारे १६,००० फूट होती. हिशेब केला तर सव्वादोन तासांच्या आसपास जातो. इतका लांब सिनेमा तेव्हा बहुतेकांनी पाहिलेलाच नव्हता.

दोषही होते. तांबडी आणि हिरवी चौकट एकाच क्षणाची नसते, त्यामुळे घोडा दौडत गेला की त्याच्या पायांना एका बाजूला लाल, दुसऱ्या बाजूला हिरवी किनार सुटायची. निळा रंग नीट यायचा नाही. आणि काचांमुळे उजेड इतका कमी व्हायचा की लख्ख ऊन हवंच. लंडनच्या ढगाळ दिवसांत जे जमत नव्हतं ते डिसेंबरातल्या दिल्लीच्या उन्हात जमलं. लाल डगले, सोनेरी झुली, फेटे, जवाहिर: दोनच रंगांत बसणारा असा दुसरा सोहळा अर्बनला शोधून सापडला नसता.

लंडनमध्ये ती दाखवली कशी?

२ फेब्रुवारी १९१२ ला स्काला थिएटरात सुरुवात झाली. काळ्या-पांढऱ्या फिल्म्स त्याआधीच दाखवून झाल्या होत्या, तरी गर्दी लोटली. रंगमंचावर ताजमहालाचा देखावा उभारला होता. ४८ वादकांचा ताफा, २४ गायकांचा कोरस, शिवाय बासऱ्या-ढोल आणि बॅगपाइपवाले. फिल्म मुकी होती, पण थिएटर अजिबात मुकं नव्हतं. ११ मे रोजी राजाराणीही पाहायला आले.

सयाजीराव गायकवाडांनी खरंच पाठ फिरवली का? फिल्ममध्ये ते दिसतं का?

सर्वांत जास्त विचारला जाणारा प्रश्न, म्हणून जरा सविस्तर.

आधी रीत काय होती ते. संस्थानिकांनी मानक्रमाने मंडपात यायचं, सिंहासनासमोर तीनदा झुकून मुजरा करायचा आणि राजाकडे पाठ न करता मागे सरत जायचं. पहिला मान हैदराबादच्या निजामाचा, दुसरा बडोद्याचा. सयाजीराव पांढऱ्या साध्या पोशाखात आले, अंगावर जवाहिर जवळजवळ नाही, हातात छडी. एकदा झुकले, थोडे मागे सरले, वळले आणि चालू लागले.

इंग्रजी वर्तमानपत्रांनी आकांत केला. सयाजीरावांनी व्हाइसरॉय हार्डिंग यांना पत्र लिहून खुलासा केला: आपण गोंधळलो, आपल्या आधी एकच जण गेल्यामुळे रीत नीट पाहायला मिळाली नाही, बाहेर कुठून जायचं ते कळेना. हे पत्र लंडनच्या ‘टाइम्स’मध्ये छापून आलं. आदल्या दिवशीच्या तालमीला ते स्वतः गेले नव्हते, असंही सांगितलं जातं.

आता फिल्म. ती उपलब्ध आहे, आणि वळणं दिसतं. पण कॅमेरा दूर आहे, माणसं लहान दिसतात, चेहरा वाचता येत नाही. अपमान की गोंधळ, याचा निकाल त्या काही सेकंदांतून लागत नाही. फिल्म लक्ष देऊन पाहिली तर इतर संस्थानिकही पुरते सराईत नाहीत हे कळतं. कोणी अडखळतो, कोणी घाईत उरकतो. मग ओरड एकट्या बडोद्याचीच का झाली? कारण सरकारचा राग आधीचा होता. अरविंद घोष बडोद्यात नोकरीला होते, राष्ट्रीय चळवळीतल्या लोकांशी महाराजांचे संबंध असल्याचा संशय होता, परदेशात त्यांच्यावर पाळत होती. वळलेली पाठ हे निमित्त मिळालं.

माझं मत विचाराल तर नाशिक जिल्ह्यातल्या कवळाण्याच्या शेतकरी कुटुंबातून वयाच्या बाराव्या वर्षी गादीवर आणलेला, पस्तीसेक वर्षं दरबारी शिष्टाचारात मुरलेला हा माणूस मुजरा विसरेल हे पटायला जड जातं. दागिने उतरवून येणं तरी गोंधळात होत नाही. पण हे मत आहे. फिल्म तेवढं सांगत नाही, आणि व्हॉट्सअ‍ॅपवरची ओळ सांगते तेवढं तर मुळीच नाही.

यातली खरी नवलाई वेगळीच. १८७७ साली हे घडलं असतं तर तैलचित्रात सयाजीराव व्यवस्थित मुजरा करतानाच रंगवले गेले असते.

राजाला लोकांनी ओळखलंच नाही, हे कसं?

७ डिसेंबरला दिल्लीत प्रवेशाची मिरवणूक होती. लोक हत्तीवर बसलेल्या बादशहाची वाट पाहत होते. हत्ती ही कर्झनची हौस. १९०३ च्या मिरवणुकीची शान तीच होती. पाचवा जॉर्ज घोड्यावर आला, फील्ड मार्शलच्या गणवेशात, डोक्यावर टोपी, आजूबाजूला तसेच दिसणारे सेनाधिकारी. अनेकांच्या समोरून तो निघून गेला आणि ते पुढे ‘बादशहा कधी येणार’ म्हणून वाट पाहत राहिले. राणी मात्र बग्गीत होती, ती कळली. फिल्ममध्येही राजा शोधावाच लागतो.

मग दरबारात त्याला मुकुट घालतानाचं दृश्य का नाही?

कारण तिथे मुकुट घातलाच गेला नाही. राज्याभिषेक हा ख्रिस्ती धर्मविधी, तो २२ जूनला लंडनमध्ये उरकला होता. दिल्लीत पुन्हा करायला धर्माधिकाऱ्यांचा विरोध होता. राजा मुकुट घालूनच मंडपात आला. तोही नवा केलेला, कारण मूळ राजमुकुट इंग्लंडबाहेर न्यायची मुभा नव्हती. सुमारे ६०,००० पौंड खर्च आला आणि तो हिंदुस्थानच्या तिजोरीतून गेला. मुकुट जड होता, डोकं दुखलं, अशी नोंद राजाने रोजनिशीत केली. तो परत लंडनला गेला आणि टॉवरमध्ये आहे.

राजधानी हलवण्याची घोषणा फिल्मवर आहे का?

ओठ हलताना दिसतात, इतकंच. कलकत्त्याहून दिल्लीला राजधानी आणि बंगालची फाळणी रद्द, या दोन्ही बातम्या तोपर्यंत गुप्त होत्या. त्या दिवसातली सगळ्यात मोठी घटना मुक्या कॅमेऱ्याला पकडताच आली नाही.

मुंबईच्या फिल्ममध्ये गेटवे ऑफ इंडिया का दिसत नाही?

तो नव्हताच. २ डिसेंबर १९११ ला ‘मदिना’ बोटीतून राजाराणी अपोलो बंदरावर उतरले तेव्हा तिथे स्वागतासाठी तात्पुरता मंडप होता. गेटवेची कोनशिला ३१ मार्च १९१३ ची, काम पुरं झालं १९२४ मध्ये. राजा गेटवेखालून आला असं दाखवणारी चित्रं पाहिलीत तर ती कल्पनेतली समजा.

दादासाहेब फाळके यांचा याच्याशी काही संबंध आहे का?

थेट नाही, पण तारखा पाहण्यासारख्या आहेत. फाळके विम्याची पॉलिसी गहाण टाकून फेब्रुवारी १९१२ मध्ये लंडनला गेले. स्कालात दरबाराची रंगीत फिल्म गाजत होती ती हीच वेळ. फाळके तिथे ‘बायोस्कोप’ साप्ताहिकाच्या संपादकांना भेटले, इंग्रज फिल्म-निर्माते सेसिल हेपवर्थ यांचा स्टुडिओ पाहिला, विल्यमसन कॅमेरा घेतला आणि एप्रिलच्या सुरुवातीला परतले. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ ला लागला. लंडनचा प्रेक्षक हिंदुस्थानातला इंग्रज राजा पाहायला रांगा लावत होता, आणि त्याच शहरात एक मराठी माणूस पुराणातल्या राजाची फिल्म काढण्याचं सामान जमवत होता.

किनेमाकलरचं पुढे काय झालं?

कोर्टात मेलं. रंगीत फिल्मवरच काम करणारे दुसरे संशोधक विल्यम फ्रीज-ग्रीन यांच्या बाजूने पेटंटला आव्हान दिलं गेलं. मुद्दा मजेदार होता: पेटंटात सर्व नैसर्गिक रंग दिसतील असा दावा, आणि निळा तर येत नाही. पहिल्या फेरीत अर्बन जिंकला, १९१४ मध्ये अपिलात हरला. तसंही खास प्रोजेक्टर लागत असल्यामुळे थिएटरवाले कुरकुरत होतेच.

ती रंगीत फिल्म आज पाहता येईल का?

पूर्ण नाही, बहुतेक भाग गहाळ आहे. २००० साली मॉस्कोजवळच्या क्रास्नोगोर्स्क इथल्या फिल्म संग्रहात एक रीळ सापडलं, सुमारे दहा मिनिटांचं, दरबारानंतरच्या लष्करी संचलनाचं. हातात घेतलं तर काळं-पांढरंच दिसेल. रंग पुन्हा उभे करायला चौकटी तांबड्या-हिरव्या वेगळ्या करून जुळवाव्या लागतात. मुख्य सोहळ्याची जी दृश्यं इंटरनेटवर दिसतात ती इतर कंपन्यांच्या काळ्या-पांढऱ्या फिल्म्समधली. त्यांवर हल्ली संगणकाने रंग चढवलेले तुकडे ‘मूळ किनेमाकलर’ म्हणून फिरतात, त्यांपासून सावध राहा. लखलखीत निळं आकाश दिसलं की समजावं, हे अर्बनचं नव्हे.

दरबाराची जागा आज कुठे आहे?

उत्तर दिल्लीत, बुराडी रस्त्याजवळ, कोरोनेशन पार्क. सिंहासनाच्या जागी दगडी स्तंभ आहे. इंडिया गेटच्या छत्रीखाली असलेला पाचव्या जॉर्जचा पुतळा स्वातंत्र्यानंतर इथेच आणून ठेवला. नव्या राजधानीची कोनशिलाही १५ डिसेंबर १९११ ला याच छावणीत बसवली होती. पुढे शहर रायसीनाला बांधायचं ठरलं आणि दगड उचलून तिकडे न्यावे लागले.